ऐंशी किलोमीटरचा उजेड

मारुंजीच्या दादासाहेबांना कुठलीही वस्तू बेताची घ्यायची म्हटली की जिवावर यायचं. घरावर पाण्याची टाकी बसवली ती आणखी दोन घरांना पुरेल अशी. भाचीच्या लग्नात पातेलं दिलं, ते टेम्पोतून उतरवायला दोन माणसं लागली. त्यांच्या मंडळी सोजराबाई याबद्दल काही बोलायच्या नाहीत. आलेल्या वस्तूला जागा कुठे करायची एवढंच बघायच्या.

वडिलोपार्जित जमिनीतली बरीचशी हिंजवडीच्या पसाऱ्यात गेल्यावर उरलेल्या तुकड्यावर दादासाहेबांनी चार मजले उठवले होते. वरच्या खोल्यांत आयटीतली पोरंपोरी भाड्यानं राहायची आणि तळमजल्याच्या गाळ्यात दादासाहेबांचं ऑफिस होतं. पंचवीस वर्षांपूर्वी टीव्हीच्या केबलवर सुरू झालेला धंदा आता इंटरनेटवर आला होता. काळ्या जाड तारेच्या जागी काचेचा धागा आला, पण दादासाहेबांचं काम फारसं बदललं नव्हतं. कुठल्या खांबावरून लाइन न्यायची, कुणाच्या गच्चीची परवानगी काढायची, कुठल्या चेअरमनशी गोड बोलायचं, हे त्यांचं खातं. लाइन ओढणं आणि धागे जोडणं हे ज्योतीरामचं.

ज्योतीराम मूळचा गंगाखेडकडचा. चाकणच्या कंपन्यांत केबल ओढायला म्हणून बारा वर्षांपूर्वी आला, तिथंच जोडकाम शिकला आणि गेली सहा वर्षं दादासाहेबांकडे होता. राहायला दापोडीला, रेल्वेलाइनच्या कडेच्या गल्लीत. केसाएवढ्या काचेच्या दोन धाग्यांची टोकं मशिनीत समोरासमोर धरायची आणि ठिणगीनं वितळवून एक करायची, यात त्याचा हात धरणारा आसपास कुणी नव्हता. खांबावर चढून, उन्हातान्हात, एका मांडीवर मशिन ठेवून तो जोड मारायचा आणि तो जोड वर्षानुवर्षं हलायचा नाही.

यंदा जांब्याच्या रस्त्याला एक बारा मजल्यांची सोसायटी उभी राहिली. ऑफिसपासून लाइनच्या वाटेनं मोजलं तर बरोबर चार किलोमीटर. चेअरमन दादासाहेबांच्या ओळखीचे निघाले आणि काम मिळालं. आजवर ज्या मोठ्या कंपनीकडून दादासाहेब इंटरनेट घ्यायचे, तिची माणसं दोन्ही टोकांची यंत्रं स्वतःच आणून बसवायची. ही लाइन मात्र सुरुवातीपासून शेवटपर्यंत दादासाहेबांची स्वतःची. त्यामुळे त्यांच्या अंगात वेगळाच जोर आला होता. ज्योतीरामनं आठ दिवसांत खांबाखांबांवरून धागा नेला, वाटेत तीन ठिकाणी जोड मारले आणि सांगितलं, "दादा, लाइन क्लीन हाय. आता दोन्हीकडं फक्त एसएफपी लावा." आणि तो वाकडला दुसऱ्या एका तुटलेल्या लाइनीकडे गेला.

एसएफपी म्हणजे अंगठ्याएवढी पत्र्याची डबी. इंटरनेटच्या पेटीत, म्हणजे स्विचमध्ये, तिच्यासाठी खाच असते. डबी खाचेत सरकवायची आणि तिच्या तोंडात काचेच्या धाग्याची वायर खुपसायची. अशी एक ऑफिसात आणि एक सोसायटीत. एवढं दादासाहेबांनी बघून ठेवलं होतं. बाकी त्या डबीत काय असतं, याची चौकशी करायची वेळ त्यांच्यावर कधी आली नव्हती.

ते चिंचवडला स्टेशनजवळ विजयश्रीच्या दुकानात गेले. विजयश्री चाळिशीतली, इलेक्ट्रॉनिक्सचा डिप्लोमा केलेली. नेटवर्कच्या सामानाचं दुकान ती एकटी सांभाळायची आणि गिऱ्हाइकाच्या गळ्यात नको ते मारायची तिला सवय नव्हती.

"अंतर किती आहे?" तिनं विचारलं.

"चार किलोमीटर."

"मग दहा किलोमीटरची जोडी घेऊन जा. भरपूर झाली."

दादासाहेबांनी काउंटरवरच्या डब्यांकडे पाहिलं. "ह्याच्यापरीस मोठा न्हाई का?"

"चाळीसचा आहे, ऐंशीचाही आहे. पण तो ज्यांना लोणावळा ओलांडून घाट उतरायचाय त्यांच्यासाठी."

"मग ऐंशीचा द्या. ऐंशी जाणारा चार जाईलच की."

"तसं नसतं, दादासाहेब. जवळच्या अंतराला..."

"पोरी, आमी धंद्यात पंचवीस वर्सं हाय. दोन द्या."

विजयश्रीनं दोन डब्या पिशवीत घातल्या. "काही अडलं तर फोन करा," एवढं म्हणाली आणि पुढच्या गिऱ्हाइकाकडे वळली.

दुसऱ्या दिवशी सकाळी दादासाहेब स्वतः सोसायटीत गेले, एक डबी तिथल्या स्विचमध्ये बसवली, वायर लावली. परत येऊन दुसरी ऑफिसात बसवली. सोसायटीत नुकतीच राहायला आलेली दिव्या नावाची मुलगी घरातूनच कंपनीचं काम करायची. नेट कधी येतं याकडे सगळ्यांत जास्त डोळे तिचेच लागले होते, म्हणून तिकडच्या टोकाला बघायला ती तयार झाली होती.

"काका, इथे लाइट लागलेला नाही," ती फोनवर म्हणाली.

ऑफिसातही लागला नव्हता. हिरवा दिवा लागायला हवा तिथे नुसतं काळं भोक. दादासाहेबांनी डबी काढून परत घातली, वायर उलटसुलट केली, स्विच बंद करून चालू केला. शेवटी धाग्याचं टोक डोळ्यासमोर धरून आत बघितलं. आत अंधार. मग कपाटातून पॉवर मीटर काढला. धाग्यातून किती उजेड येतोय ते सांगणारं हे हातातलं यंत्र ज्योतीराम वापरायचा. ग्राहकाच्या घरी तो आकडा बघून म्हणायचा, "एकोणीस हाय, झकास," किंवा "वीस, चालतंय." वीसच्या आसपास असलं की बरं, हे दादासाहेबांच्या कानावरून गेलेलं होतं. त्या आकड्याआधी एक आडवी रेघ असते, ती वजाची असते, हे मात्र त्यांच्या ध्यानात कधी आलं नव्हतं.

त्यांनी टोक मीटरला लावलं. पडद्यावर आलं, शून्य पूर्णांक चार.

दादासाहेबांनी टोक पुसून परत लावलं, तरी तेच. जिथे वीस पाहिजे तिथे अर्धासुद्धा नाही. डब्या नव्याकोऱ्या, दुकानातल्या सगळ्यात भारी. मग उजेड गेला कुठे? वाटेत जोड आहेत तीन. त्यांनी ज्योतीरामला फोन लावला.

"आरं, तुझ्या लाइनीतनं उजेडच येईना."

"असं कसं, दादा? मी चेक करूनच निघालो. मीटरवर किती दाखवायलंय?"

"शून्य."

"एकदम शून्य? मग कुठं तरी तुटलं असंल. डबी कसली लावली?"

"डबीचं इचारू नगंस. दुकानातली सगळ्यात भारी हाय. तू ये आन जोड बघ."

ज्योतीराम दुपारी आला. तिन्ही जोड उघडले, तिन्ही तोडून परत मारले. मशिनीच्या पडद्यावर प्रत्येक जोडाचा आकडा उत्तम येत होता. तिसरा जोड सोसायटीच्या गेटसमोरच्या खांबावर होता. खाली चेअरमन, वॉचमन आणि दिव्या माना वर करून उभे. दादासाहेब ऑफिसात मीटरचा आकडा बघून आले होते आणि तो तसाच होता. शून्य पूर्णांक चार. सकाळपासून चेअरमनसमोर चाललेली फजिती त्यांच्या डोक्यात गेली.

"तिन्ही परत मारून बी त्येच," ते सगळ्यांदेखत म्हणाले. "हाताला वळण ऱ्हायलं न्हाई आता तुझ्या. ह्यापरीस मी नवा माणूस बघाया पायजे हुता."

ज्योतीराम खांबावरून उतरला. हात पुसले, मशिन पेटीत ठेवली, पेटी गाडीला बांधली. "डबी कसली लावली ते मी आधीच विचारलं होतं," तो म्हणाला. "बघा मग नवा माणूस." आणि दापोडीच्या दिशेनं निघून गेला.

दादासाहेबांना रात्री जेवण गेलं नाही. सोजराबाईंनी विचारलं तेव्हा "जोड कच्चे हायेत" असं म्हणाले आणि कूस बदलली. सहा वर्षांत ज्योतीरामचा एकही जोड कच्चा निघाला नव्हता, हे दोघांनाही माहीत होतं.

सकाळी दादासाहेब दोनतीन ठिकाणी फोन करून दुसरा जोडकाम करणारा शोधत होते. सोजराबाई ऑफिस झाडायला आल्या. स्विचमधून निघालेली पिवळी वायर टेबलावरून लोंबत फरशीपर्यंत आली होती. आत दोन धागे, एक जाणारा, एक येणारा, शेजारी शेजारी. अशा लोंबत्या गोष्टी सोजराबाईंना सहन व्हायच्या नाहीत. त्यांनी वायर उचलली आणि शिवणाचा दोरा गुंडाळावा तशी आपल्या उजव्या हाताच्या बोटाभोवती घट्ट गुंडाळायला घेतली.

पाचसहा वेढे झाले असतील. दादासाहेबांचा मोबाइल वाजला.

"काका, आलं नेट," दिव्या म्हणाली. "थँक्यू."

दादासाहेबांनी स्विचकडे पाहिलं. हिरवा दिवा. त्यांना वाटलं, रात्रीतून धाग्याचंच मन पालटलं. इतक्यात सोजराबाईंनी गुंडाळी खाली ठेवावी म्हणून बोट काढलं, वेढे सैल पडले आणि दिवा विझला.

"काका, गेलं."

"आत्ता काय केलंस तू?" दादासाहेबांनी सोजराबाईंना विचारलं.

"काय करू? वायर गुंडाळीत हुते."

"परत गुंडाळ."

सोजराबाईंनी परत गुंडाळली. पाचव्या वेढ्याला दिवा लागला. सोडली, विझला. दादासाहेबांनी स्वतःच्या बोटावर करून बघितलं. त्यांचं बोट जाड, वेढे मोठे, दिवा मिणमिणायचा आणि जायचा. सोजराबाईंच्या बारक्या बोटावर मात्र ढळायचा नाही. चार वेळा करून बघितलं आणि चारही वेळा तिकडून दिव्या फोनवर आलं, गेलं, आलं, गेलं असं सांगत राहिली.

"काका, आता जे काही केलंय ते तसंच ठेवाल का?" ती शेवटी म्हणाली. "माझी दहा मिनिटांत मीटिंग आहे. अर्ध्या तासाची. फार महत्त्वाची आहे."

दादासाहेबांनी फोनवर हात ठेवला. "अर्धा तास धरून बसशील का?"

"बसते की," सोजराबाई म्हणाल्या. "पर सकाळचा चहा झाला न्हाई माझा."

मग दादासाहेबांनी खुर्ची आणून दिली, पंखा त्यांच्याकडे वळवला आणि वर जाऊन चहा केला. साखरेचा डबा सापडायला वेळ लागला. चहा गोडमिट्ट झाला. सोजराबाई डाव्या हातानं कप धरून प्यायल्या, उजवा हात टेबलावर जसाच्या तसा. मध्ये वरच्या मजल्यावरची दोन पोरं भाड्याच्या पावतीसाठी आली आणि काकू बोटाला पिवळी वायर गुंडाळून का बसल्यात ते बघत राहिली.

"जांब्याचं नेट धरून बसलेय," सोजराबाईंनी सांगितलं. पोरांना ती थट्टा वाटली.

अर्धा तास झाला, दिव्याचा आभाराचा फोन आला. सोजराबाईंनी टेबलावरचं एक बारीक पेन घेतलं, वायर त्याच्यावर वेढली, वरून दोऱ्यानं बांधली आणि बोट मोकळं केलं. दिवा तसाच राहिला.

"हे आधीच केलं असतंस तर," दादासाहेब म्हणाले.

"मग चहा कोण करून देणार हुतं?"

दादासाहेबांना हसू आलं, पण डोक्यातला गुंता सुटेना. जोड कच्चा असता तर वायर मुरगाळल्यावर उजेड आणखी अडायला हवा. इथे वायर मुरगाळली की चालतं आणि सरळ सोडली की बंद पडतं. त्यांनी गाडी काढली आणि मीटरसकट चिंचवड गाठलं.

विजयश्रीनं सगळं शांतपणे ऐकून घेतलं. बोटाची गोष्ट आली तेव्हा तिनं तोंडावर रुमाल धरला.

"मीटरवर किती होतं म्हणालात?"

"शून्य. म्हंजी शून्य पूर्णांक चार."

"दादासाहेब, मीटरवर शून्य म्हणजे उजेड नाही असं नसतं. उजेड नसला की आकडाच येत नाही. 'लो' असं येतं. लो म्हणजे कमी." तिनं मीटर हातात घेतला. "तुमच्या ग्राहकाच्या घरी वीस दिसतं ना, त्याच्याआधी ही रेघ असते बघा. वजा वीस. थंडी मोजतात तसं समजा. वजा वीसपेक्षा वजा दहा बरं, वजा दहापेक्षा शून्य जास्त. तुमच्याकडे शून्याच्याही वर होतं. म्हणजे घरातल्या उजेडाच्या शंभरपट."

दादासाहेब मीटरकडे बघत राहिले. "मग दिवा का लागंना?"

विजयश्रीनं एक जुनी डबी उघडून काउंटरवर ठेवली. आतमध्ये नखाएवढी हिरवी पट्टी आणि टोकाला दोन बारीक नळ्या. "ह्या एका नळीत लेझर असतो. स्विचकडून विजेतनं जे येतं ते तो उजेडाच्या उघडझापीत बोलतो, एका सेकंदात कोट्यवधी वेळा. दुसऱ्या नळीत डोळा असतो. समोरून आलेली उघडझाप तो बघतो आणि परत विजेत करून स्विचला देतो. बोलणं आणि बघणं, दोन्ही ह्या डबीतच. आता ऐंशी किलोमीटरच्या डबीचा लेझर जोरदार असतो, कारण वाटेत काच उजेड खात जाते. ऐंशी किलोमीटर गेल्यावर पलीकडच्या डोळ्याला तो बेताचा पोचतो. तुम्ही चार किलोमीटरवर लावलात. वाटेत काही खाल्लंच गेलं नाही. चाकण-तळेगाव रोडनं तुम्ही गाडी चालवलीय ना? समोरच्या ट्रकनं अप्पर मारला की काय दिसतं?"

"काय बी दिसत न्हाई."

"तेच झालं. तुमच्या दोन्ही डब्यांचे डोळे दिपले होते. उजेड होता, पण त्यातली उघडझाप त्यांना दिसेना."

"आन वायर गुंडाळली की?"

"घट्ट वळणावर उजेड धाग्यातनं बाहेर सांडतो. काकूंनी बोटावर वेढे दिले आणि जास्तीचा उजेड सांडून गेला. उरला तो डोळ्याला सोसला. तुमच्या जाड बोटावर वळण सैल होतं, म्हणून पुरेसा सांडला नाही. एक विचारू? टोक डोळ्यासमोर धरून बघितलं नाहीत ना?"

"बघितलं. अंधार हुता."

"तो उजेड माणसाला दिसत नाही. पण डोळा भाजू शकतो. परत कधी तसं करू नका."

एरवी कुणी असं बजावलं तर दादासाहेबांनी दोन शब्द सुनावले असते. आज त्यांनी नुसती मान हलवली. त्यांच्या डोक्यात आता डबी नव्हती, मीटर नव्हता. गेटसमोर गाडीला पेटी बांधणारा ज्योतीराम होता. त्या माणसानं तिन्ही जोड दोनदा मारले, सहाही उत्तम मारले आणि आपण चार माणसांत त्याच्या हाताला नावं ठेवली.

"दहाची जोडी द्या," ते म्हणाले. "आन ही ऐंशीची..."

"उघडलेला माल मी घेत नाही. पण मावळातल्या एका ऑपरेटरला हवी होती, त्याला विचारते."

चिंचवडहून दादासाहेब मारुंजीला परतले नाहीत. दापोडीला गेले. रेल्वेच्या भिंतीला लागून असलेली गल्ली शोधायला त्यांना तीनदा विचारावं लागलं. सहा वर्षांत ते ज्योतीरामच्या घरी कधी गेलेच नव्हते. दारात ज्योतीरामची बायको कस्तुरा ज्वारी पाखडत बसली होती. त्यांना बघून तिनं सूप बाजूला ठेवलं आणि आत हाक दिली.

ज्योतीराम मशिनीच्या खाचा कापसानं पुसत होता. उठून उभा राहिला, पण बसा म्हणाला नाही. कस्तुरानं खुर्ची पुढे केली.

"तुझे जोड चांगले हुते," दादासाहेब उभ्यानंच म्हणाले. "डबी मी चुकीची घेतली. ऐंशीची."

"चार किलोमीटरला ऐंशीची?"

"व्हय."

"मग मीटरवर शून्य कसं आलं? ऐंशीच्या डबीनं तर शून्याच्या वर..." ज्योतीराम मध्येच थांबला. "दादा, तुम्ही शून्य म्हणालात ते आकड्यातलं शून्य होतं?"

"आकड्यातलं. पूर्णांक चार."

"मला वाटलं मीटर लो दाखवायलाय. तुटलंय म्हणून मी उन्हात खांबावर चढायलो, उतरायलो." ज्योतीरामच्या तोंडावर आधी राग आला, मग तो आवरता आवरता त्याला हसू फुटलं. खाली बसून तो पोट धरून हसला. कस्तुराला काही कळलं नाही, तरी तीही हसली. मग दादासाहेब बसले आणि त्यांनी बोटाची गोष्ट सांगितली. ज्योतीरामला ती दोनदा सांगावी लागली.

हसणं ओसरल्यावर ज्योतीराम म्हणाला, "चाकणच्या एका ठेकेदाराचा फोन आला होता. सोमवारपासून ये म्हणतो."

"अजून हो कळवलं नाही," कस्तुरा मध्येच म्हणाली.

"कळवायचं का न्हाई ते तुज्या मनावर," दादासाहेब म्हणाले. "पर आदी एक काम बाकी हाय. मी बोललो ते चार लोकांत बोललो. आज संध्याकाळी तिथंच ये."

संध्याकाळी पाच वाजता सोसायटीच्या गेटजवळ चेअरमन, वॉचमन आणि दिव्या होते. कामावरून परतणारी आणखी आठदहा माणसंही तिथंच होती. दादासाहेबांचा आवाज मुळातच मोठा. त्यांनी घसा साफ केला.

"काल मी ह्याला हाताला वळण न्हाई म्हणालो. त्ये खोटं हुतं. ह्याचं काम चोख हुतं. मी दुकानात शानपणा केला, मोठं म्हंजी बरं म्हणून भलतीच डबी आणली, आन मीटर मला वाचता येत न्हवता. चूक माझी हाय. ज्यांनी काल ऐकलं त्यांनी आज बी ऐका."

चेअरमननी इकडेतिकडे पाहिलं. दिव्या म्हणाली, "काका, माझी मीटिंग छान झाली बरं का," आणि वातावरण हलकं झालं. ज्योतीराम जिन्याखालच्या स्विचपाशी गेला आणि पायरीवर पेटी ठेवून त्यानं नव्या डबीचं झाकण काढलं. टोकं पुसली, डबी खाचेत सरकवली, टक असा आवाज झाला. ऑफिसात, त्यानं फोनवरून सांगितलं तसं, सोजराबाईंनी पेनावरचा दोरा सोडला आणि दादासाहेबांनी दुपारी आणून ठेवलेली दुसरी डबी घातली. दिवा लागला आणि लागलेलाच राहिला.

ज्योतीरामनं धाग्याचं टोक मीटरला लावून तो दादासाहेबांपुढे धरला. "वाचा."

"वजा आठ," दादासाहेब म्हणाले. ती आडवी रेघ त्यांनी बोटानं दाखवली. "कसं हाय?"

"झकास हाय."

ज्योतीराम सोमवारी चाकणला गेला नाही. सकाळी नवाला मारुंजीला आला, त्याच्याबरोबर कस्तुरानं पाठवलेली शेंगदाण्याची चटणी होती. त्या आठवड्यात सोसायटीतल्या सत्तावीस घरांनी कनेक्शन घेतलं आणि कामाचा ढीग पडला. घरोघरच्या धाग्यांची टोकं जोडायला एकटा ज्योतीराम पुरेना.

"काकू," तो एका दुपारी सोजराबाईंना म्हणाला, "अर्धा तास हात न हलवता बसणारं माणूस मी पाह्यलं नाही. या, तुम्हाला जोड शिकवतो."

"मला रं कसलं जमतंय."

"बसा तर."

ऑफिसच्या टेबलावर मशिन मांडली. ज्योतीरामनं धाग्यावरचं प्लास्टिक कसं सोलायचं, स्पिरिटनं कसं पुसायचं, टोक काटकोनात कसं छाटायचं ते दाखवलं. पहिला धागा सोजराबाईंच्या हातून मोडला, दुसराही मोडला. दादासाहेब दारात उभे राहून सूचना द्यायला लागले, तेव्हा सोजराबाईंनी त्यांना चहा टाकायला वर पाठवलं. तिसऱ्या वेळी त्यांनी दोन्ही टोकं खाचांत ठेवली, झाकण लावलं आणि बटण दाबलं. पडद्यावर दोन जाड काळ्या पट्ट्या हळूहळू एकमेकींजवळ आल्या, पांढरी ठिणगी उडाली आणि दोन्हींची एक पट्टी झाली. खाली आकडा आला.

ज्योतीरामनं तो वाचला, मशिन स्वतःकडे वळवून परत वाचला. "माझ्या पहिल्या जोडापेक्षा चांगला हाय," तो म्हणाला. "माझा तर तीन दिवस येत नव्हता."

दादासाहेब चहा घेऊन खाली आले, तेव्हा सोजराबाईंनी कप बाजूला सरकवला. त्यांनी चष्मा नाकावर नीट बसवला आणि पुढच्या धाग्यासाठी हात पुढे केला.